मदत हवी आहे: ‘पालाश’ हा शब्द आला कुठून?

नमस्कार मंडळी. आम्ही बडोद्याला दांडिया बाजारात राहतो. लेक गुजरातीत शिकते, घरी मराठी बोलते. सध्या तिला मूलद्रव्यांचं वेड लागलंय, म्हणून आम्ही दोघी भिंतीवर लावायला मराठी नावांचा तक्ता करतोय.

सोनं, चांदी, तांबं, लोखंड, शिसं, कथील, जस्त, गंधक, पारा हे आजीच्या तोंडचेच शब्द. नायट्रोजनला नत्र, फॉस्फरसला स्फुरद. हेनिग ब्रांड या जर्मन किमयागाराला १६६९ मध्ये हॅम्बुर्गला मूत्र आटवताना अंधारात चमकणारा पदार्थ मिळाला, हे सांगितल्यावर ‘स्फुरद’ तिला इतका आवडला की आता फॉस्फरस म्हणतच नाही.

अडलंय ते पोटॅशियमपाशी. खताच्या पिशवीवर ‘पालाश’ असतं. पोटॅश पूर्वी लाकडाच्या राखेपासून काढत, हम्फ्री डेव्ही या इंग्रज शास्त्रज्ञाने त्यातून १८०७ मध्ये विजेच्या साहाय्याने हा धातू वेगळा केला. मग पालाश म्हणजे पळसाची राख, की पोटॅशशी उच्चार जुळवून केलेला शब्द? आणि पोटॅशियमचं चिन्ह के (K), ते कॅलियम या लॅटिन नावावरून, हे तिला पटलंय, पण मराठी नावाचं उत्तर माझ्याकडे नाही.

जुनी मराठी शास्त्राची क्रमिक पुस्तकं कुणाकडे असतील तर त्यातलं पान पाहून सांगाल का? सोडियम, कॅल्शियम, क्लोरीन यांना तिथे मराठी नावं असतील तर तीही हवीत. तक्त्यात त्यांच्या चौकटी मी अजून रिकाम्याच ठेवल्यात.