हिब्रूची आजची लिपी तिची स्वतःची म्हणायची का?

शिलालेखवाला: आज दिसणारी चौकोनी हिब्रू अक्षरं मुळात अरामी, म्हणजे पश्चिम आशियातल्या दुसऱ्या एका भाषेची आहेत. इ.स.पू. ५८६ मध्ये जेरुसलेम पडलं, लोकांना बाबिलोनला नेलं. तिथे आणि पुढे इराणी अमलातही कारभार अरामीत चाले. हळूहळू तीच लिपी हातात बसली. जेरुसलेमच्या सिलोआम बोगद्यातला इ.स.पू. ८व्या शतकातला लेख बघा, तो त्याआधीच्या जुन्या हिब्रू लिपीत आहे. आज हिब्रू वर्तमानपत्र सराईतपणे वाचणाऱ्यालाही शिकल्याशिवाय त्यातली ओळ लागायची नाही. माझं मत ठाम आहे: या भाषेने आपली लिपी गमावली.

काठावरचा: 'गमावली' कशी? ती जुनी लिपी तरी एकट्या हिब्रूची कुठे होती? शेजारचे फिनिशियन, मवाबी, सगळे जवळपास तीच अक्षरं गिरवत होते, आणि अरामी लिपीही त्या फिनिशियनचीच लेक. २२ अक्षरं, सगळी व्यंजनं, उजवीकडून डावीकडे, आलेफ-बेत-गिमेल हाच क्रम. बदललं ते फक्त वळण. आपली मोडी मागे पडली म्हणून मराठी परकी झाली का?

मोडीप्रेमी: मोडीचा दाखला इथे लागू नाही. मोडी आणि बाळबोध शतकानुशतकं शेजारी नांदल्या, दोन्ही आपल्याच. आणि 'फक्त वळण' म्हणू नका हो. रोमनांविरुद्ध ज्यू नेता बार कोखबाचं बंड झालं (इ.स. १३२–१३५), तेव्हा चौकोनी लिपी रुळलेली असूनही नाण्यांवर मुद्दाम जुनी अक्षरं घातली. मृत समुद्राकाठी सापडलेल्या काही हस्तलिखित गुंडाळ्यांत सगळा मजकूर चौकोनी लिपीत, देवाचं नाव तेवढं जुन्या अक्षरांत. शोमरोनी (समॅरिटन) लोक आजही आपला 'तोरा' हा धर्मग्रंथ त्या जुन्या वळणातूनच आलेल्या लिपीत लिहितात. इस्रायलच्या एक शेकेलच्या नाण्यावर लिलीच्या फुलाजवळ 'येहूद' (यहूदा प्रांताचं जुनं नाव) कोरलंय तेही जुन्या अक्षरांत. लोकांचा जीव अडकला होता तिच्यात.

अलिबागकर: आमच्या शेजारी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं, कुटुंब होतं. त्यांच्यात सांगतात की कोकणात पिढ्यान्‌पिढ्या हिब्रू विसरली गेली, पण 'शेमा यिस्राएल' ही प्रार्थना तोंडी टिकली. म्हणजे ना जुनी लिपी, ना नवी. तरीही अक्षराची किंमत मला त्यांच्याच घरी कळली. आजींनी प्रार्थनेच्या पुस्तकात शेमाच्या ओळीतलं शेवटचं अक्षर दाखवलं, बाकीच्यांपेक्षा ठळक मोठं. ते दालेत. दालेतचा कोपरा मागे किंचित बाहेर येतो, रेश या दुसऱ्या अक्षराचा गोल असतो, एवढाच फरक. 'एहाद' म्हणजे एक. दालेतच्या जागी रेश वाचलं तर 'अहेर', म्हणजे दुसरा! देव एकच आहे म्हणणाऱ्या ओळीत 'दुसरा' वाचला जाऊ नये, म्हणून ते अक्षर मोठं, असं परंपरा सांगते. तोराच्या गुंडाळीतही तसंच लिहितात. ज्या लिपीच्या एका कोपऱ्याला इतकं जपलं, ती परकी कशी म्हणायची?

काठावरचा: हेच तर! तिबेरियास शहरातल्या ज्यू पंडितांनी पुढे स्वरांच्या खुणा दिल्या, त्याही ठिपके-रेघा करून, अक्षरांना धक्का न लावता.

शिलालेखवाला: अलिबागकर, जुन्या लिपीतही दालेत आणि रेश असेच फसवे. दोघांचं डोकं त्रिकोणी, फरक देठाच्या लांबीचा. म्हणजे लिपी बदलली तरी जुनी जोखीम बरोबर आलीच. ठीक आहे, 'गमावली' मागे घेतो. 'अखंड' मात्र नाही म्हणणार. सिलोआमच्या सहा ओळी मी मोडीप्रेमींच्याच बाजूने वाचतो.