हस्तरचे नियम शेवटी मोडले की पाळले? (तुंबाड, रहस्यभेद आहे)

कातरवेळ
'तुंबाड' हा भयपट २०१८ मध्ये आला तेव्हा बेतास बात चालला आणि २०२४ च्या सप्टेंबरात पुन्हा लागला तेव्हा गर्दीने पाहिला गेला. त्यामुळे आता शेवटाबद्दल बोललं तर कुणी रागावू नये.

विसरलेल्यांसाठी थोडक्यात. पूर्तीची देवी, सगळी पृथ्वी म्हणजे तिचं गर्भाशय. तिचा थोरला, लाडका मुलगा हस्तर. त्याने आईचं सोनं बळकावलं, धान्याकडे हात वळवला तसे बाकीचे देव त्याच्यावर तुटून पडले. आईने वाचवलं, पण त्याची पूजा कधी होणार नाही या अटीवर. तेव्हापासून तो तिच्या पोटात पडून आहे, सोन्यासकट आणि उपाशी. चित्रपटाचा नायक विनायक दोराने विहिरीतून खाली उतरतो, पिठाचं रिंगण आखतो, कणकेची बाहुली पुढे करतो. हस्तर ती खाण्यात गुंतला की त्याच्या लंगोटातल्या मुद्रा ओढायच्या. त्याने धरलं तर माणूस मरत नाही, सडत जगत राहतो. सुटका फक्त आगीने.

इतकं घट्ट विणलेलं असताना १९४७ च्या भागात बापलेक ढीगभर बाहुल्या घेऊन उतरतात आणि दर बाहुलीमागे एक हस्तर! हे कुठे ठरलं होतं? तोवर हस्तर हे विशेषनाम आहे, एका मुलाचं. माझ्या मते ही फसवणूक आहे. दुसरी शंका: पीठ त्याला रोखतं, तर पिठाचीच बाहुली तो खातो कशी?

पाटावरवंटा
फसवणूक कसली? सुगावा दिलेला आहे, तुम्ही पाहिला नाही. पांडुरंगाला, म्हणजे विनायकाच्या मुलाला, बाप पहिल्यांदा खाली नेतो तो नुसतं दाखवायला. पोरगं गुपचूप बाहुली बरोबर आणतं आणि हस्तर हजर. म्हणजे माणूस उतरल्याने तो येत नाही, बाहुलीमुळे येतो. एकाहून जास्त बाहुल्या तोवर कुणी नेल्याच नव्हत्या, मग नियम मोडला असं कसं म्हणता? विनायकाला कृती ठाऊक होती, कारण ठाऊक नव्हतं. वाडवडिलांकडून आलेल्या बहुतेक विद्या अशाच असतात.

गावठी_तर्क
साहेबांनी घंटी वाजवली की शिपाई आत येतो. दहा घंट्या वाजवल्या तर दहा शिपाई येत नाहीत, तोच एक दहादा धावतो. बाहुलीने हस्तर येतो, मान्य. बाहुलीने हस्तर *तयार होतो*, हे त्यातून निघत नाही. कातरवेळ यांच्याशी सहमत.

उंबरठा
सगळी लोभाची रूपककथा आहे हो. जास्त हाव, जास्त राक्षस. तुम्ही हिशेब काय घालताय!

कातरवेळ
@उंबरठा, रूपक म्हटलं की नियम माफ होतात का? मग पाचवा हस्तर उडतानाही दाखवता आला असता.

आश्विन_अमावस्या
घंटीचा दाखला चुकतोय, कारण बाहुली ही हाक नाही, ती बळी आहे. यज्ञात खऱ्या बकऱ्याऐवजी पिठाचा पशू चालतो का, यावर आपल्याकडे पिढ्यानपिढ्या वाद झालेत. माध्व वैष्णवांनी (मध्वाचार्यांच्या अनुयायांनी) पिष्टपशूची बाजू घेतली, बाकीच्यांनी नाकं मुरडली. बाहेरगावी मेलेल्याचं शव मिळालंच नाही, तर पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देतात, तो पालाशविधी. या दोन्हींमध्ये पुतळा सूचक नसतो, तो मोजला जातो. एक पुतळा म्हणजे एक जीव.

आता ही गोष्ट घडते कुठे ते बघा. देवळात नाही, गर्भाशयात. तिथे माणसाच्या आकाराचं धान्य ठेवलं तर ते पोट काय करेल? त्याला जे येतं तेच. विनायकाला वाटतं तो खाद्य टाकतोय, पण आईच्या बाजूने पाहिलं तर तो दर खेपेला एक गर्भ ठेवतोय. चित्रपट असं बोलून दाखवत नाही, ठाऊक आहे. भिंती तेवढ्या लाल आणि ओल्या दाखवल्या आहेत, मला तेवढं पुरलं.

रिंगणाचं कोडं त्याहून सोपं. हस्तरचा गुन्हा हिसकावण्याचा होता. बाहुली त्याला वाढलेली आहे, रिंगण वाढलेलं नाही. पानाभोवती पाणी फिरवून जेवायला बसणाऱ्या घरात हा फरक समजावून सांगावा लागू नये.

जगबुडी
विषय सोडून एक. तुंबाड गाव आमच्या रत्नागिरीतल्या खेड तालुक्यात आहे. श्री. ना. पेंडशांची 'तुंबाडचे खोत' ही कादंबरी वाचलेल्यांना माहीत असेल, चित्रपटाचं नावही तिथूनच आलंय. चित्रपटात तिथला पाऊस थांबत नाही म्हणजे देवांचा शाप? जून ते सप्टेंबर आम्ही शापाशिवायच काढतो. आणि चित्रीकरणाचा वाडा सासवडचा! असो, चालू द्या.

गावठी_तर्क
@आश्विन_अमावस्या, वाढलेलं आणि हिसकावलेलं हे पटलं, एकदम पटलं. गर्भाचं मात्र तुम्ही दिग्दर्शकाला उसनं देताय. दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांना लहानपणी मित्राने भयकथाकार नारायण धारपांची एक गोष्ट सांगितली आणि त्या भीतीतून हे सगळं उगवलं म्हणतात. पण धारपांच्या समर्थकथांत त्यांचे नायक समर्थ संकटाचं स्वरूप उलगडून सांगतात. मग शेवटाला जे होतं ते आपण मनात पडताळत जातो आणि भीती दुप्पट होते. इथे मी दचकलो, घाबरलो नाही. या दोन गोष्टी निराळ्या आहेत.

पाटावरवंटा
सांगायला समर्थ आणायचा कुठून? हे सगळं जाणणारी एकच, ती हस्तरने धरलेली, साखळदंडातली म्हातारी, आणि तिच्या अंगातून झाड उगवलंय. तिने सुटकेच्या मोबदल्यात सोन्याची वाट सांगितली, पाठ्यपुस्तक नाही. शिवाय शेवट परत पाहा: विनायक सगळ्या बाहुल्या स्वतःच्या अंगाला बांधून बाहेर निघतो आणि रिंगणाला वेढून बसलेले सगळे त्याच्यामागे जातात. ज्याला त्याला आपापली बाहुली हवी आहे, म्हणून मुलगा वाचतो. एकच हस्तर दहा ठिकाणी भासत असता, तर ही युक्ती लागूच पडली नसती.

कातरवेळ
युक्ती लागू पडते, मान्य. पण तो नियम मला कळला तो अंगावर येताना, आणि लगेच त्यावरचा उतारासुद्धा. आजार आणि औषध एकाच पुडीत दिल्यासारखं वाटतं, त्यावर मी अडून आहे.

आश्विन_अमावस्या
अडा खुशाल. मला वेगळीच शंका आहे. दर बाहुलीमागे एक हस्तर, तर दर हस्तरमागे एक लंगोट? तसं असेल तर सोनंही तितक्या पटीने. पांडुरंगाचा बेत एका लंगोटाचा होता, वर दहा निघाले असते, फक्त रिंगण दहांसाठी आखलेलं नव्हतं. त्यांच्या कमरा कुणी नीट पाहिल्यात का?

गावठी_तर्क
रविवारी परत लावतो. थांबवून थांबवून बघावं लागेल, त्या अंधारात दिसलं तर.