दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करताना : सोलापूरकरांचे अनुभव

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि पुढच्या काही वर्षांत आमच्यासारख्या मोजक्या सोलापूरकरांना माहितीपट हाही पोटापाण्याचा उद्योग होऊ शकतो, असे वाटू लागले. विषय इथले, मंजुरी मात्र मुंबईची. त्यामुळे कॅसेटची पिशवी उशाशी घेऊन रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसने जाणे हा आमचा नेम झाला. पडद्यावर गेले ते लोकांनी पाहिलेच आहे. जे गेले नाही, किंवा आम्हीच जाऊ दिले नाही, त्याबद्दल या कामातल्या मंडळींनी सविस्तर लिहावे, अशी विनंती आहे. (पुरस्कारांची यादी कृपया नको.)

दिग्दर्शिका, सोलापूरचा पूर्व भाग

विडी कामगार स्त्रियांवर मी अर्ध्या तासाचा माहितीपट केला. पहिले चार दिवस कॅमेरा पेटीतून काढलाच नाही. नुसती ओसरीवर बसून राहिले. मांडीवर सूप, सुपात तंबाखू, आणि पत्र्याच्या मापावर पान ठेवून कात्री फिरवायची. बाई माझ्याकडे पाहून बोलत असे आणि तिकडे बोटांमध्ये विडीचे तोंड आपोआप दुमडले जाई. पाचव्या दिवशी चित्रण सुरू केले. मायलेकी आपसांत तेलुगूत बोलत होत्या, आणि माझे तेलुगू बाजारहाटापुरतेच. संकलनाच्या वेळी ओळखीच्या एका मुलीकडून अर्थ लावून घेतला, तेव्हा कळले की ज्या दृश्यावर माझा सर्वांत जास्त जीव होता, त्यात आई लेकीला बजावत होती, 'आज छाट किती निघाली ते हिला सांगू नकोस.' छाट म्हणजे नापास ठरवून बाजूला काढलेल्या विड्या; त्यांची मजुरी मिळत नाही. साऱ्या विषयाचे मर्म त्या एका वाक्यात होते. मी परत जाऊन त्यांना ते दृश्य दाखवले. आई म्हणाली, 'माझं राहू द्या, पण लेकीचं तोंड दिसायला नको. तिचं लग्न व्हायचंय.' दोघी एकाच चौकटीत होत्या. मी दृश्य काढून टाकले, आणि तो निर्णय समंजस होता की भित्रा, हे मला आजतागायत ठरवता आलेले नाही.

ध्वनिमुद्रक

वरील अनुभवात आवाजाची अडचण नव्हती, म्हणून हेवा वाटला. यंत्रमागाच्या शेडमध्ये माणसाचे बोलणे मुद्रित करणे हा जवळजवळ अशक्य प्रकार आहे. कॉलरला लावलेल्या मायक्रोफोनमध्येही धोट्याची ठकठकच जास्त येते. मालकाला माग बंद करायला सांगावे, तर चादरीचे उत्पादन थांबते आणि कामगाराची मजुरी बुडते. शेवटी आम्ही भारनियमनाचे वेळापत्रक मिळवले आणि वीज गेली की मुलाखत घ्यायची, असे ठरवले. तेव्हा एक गोष्ट लक्षात आली : शेड चिडीचूप झाल्यावरही कामगार ओरडूनच बोलत होते. आयुष्यभर मागावर मात करत बोललेला तो आवाज खाली येईना. दिग्दर्शकांनी त्यांना हळू बोलायची सूचना केली, तेव्हा मी हळूच दिग्दर्शकांचा हात दाबला.

छायाचित्रकार

गड्ड्याच्या यात्रेतील, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वरांच्या संक्रांतीच्या जत्रेतील, अक्षता सोहळा (सिद्धेश्वरांचा प्रतीकात्मक विवाह) मी पहिल्यांदा चित्रित केला तो साफ फसला. संमती कट्ट्यावर 'सत्यम सत्यम, दिड्डम दिड्डम' हा अक्षतेचा घोष सुरू झाला की पुन्हा संधी नाही. पुढची संधी थेट पुढच्या संक्रांतीला. भर उन्हात हजारो पांढऱ्या बाराबंद्या (बंदांनी बांधायचे पारंपरिक अंगरखे) समोर होत्या, आणि मी कॅमेऱ्याचे छिद्र स्वयंचलित ठेवले होते. त्या पांढऱ्या रंगाला घाबरून ते आपोआप आवळले गेले. नंदीध्वज (मिरवणुकीतल्या सजवलेल्या उंच काठ्या) उत्तम दिसले, बाराबंद्यांच्या चुण्या मोजता येत होत्या, पण मानकऱ्यांचे चेहरे काळेठिक्कर. त्यानंतर प्रकाशाचा निर्णय मी यंत्रावर कधीही सोडलेला नाही.

संशोधन सहायक

डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा जन्म १९१० साली सोलापूरचा. १९३८ मध्ये ते भारतीय वैद्यकीय पथकातून चीनला गेले आणि १९४२ मध्ये तिथेच वारले. त्यांच्यावरील कार्यक्रमासाठी जुन्या मंडळींच्या आठवणी गोळा करताना माझ्या ध्यानात आले की अनेक जण भारावून सांगत होते ते प्रसंग व्ही. शांताराम यांच्या कोटणीसांवरील १९४६ च्या चित्रपटातले होते. कोणीही खोटे बोलत नव्हते. अशी आठवण कार्यक्रमात घ्यावी की नाही, यावर आमचा दिग्दर्शकांशी तीन दिवस वाद झाला. शेवटी एकही घेतली नाही. आज मी सगळ्या घेतल्या असत्या.

निर्माता (निवृत्त)

पैशाचे कोणी लिहिलेले दिसत नाही. एका वाहिनीने शेवटचा हप्ता सव्वा वर्षाने दिला. तोवर लग्नाच्या व्हिडिओंवर घर चालले. आमचे माहितीपट लग्नसराईने पोसले, हे खरे.

एका कॅमेरामनची मुलगी

बाबांच्या काळी चित्रणाची छोटी यू-मॅटिक (जुन्या प्रकारची व्हिडिओ) कॅसेट २० मिनिटांची असे, आणि ती महाग असल्यामुळे कार्यक्रम प्रसारित झाला की तिच्यावरच पुढचे चित्रण होई. त्यामुळे त्यांनी टिपलेल्या गिरण्यांपैकी जवळजवळ काहीच शिल्लक नाही. गेल्या दिवाळीत माळा झाडताना एकच कॅसेट सापडली. डबीवर त्यांच्या अक्षरात लिहिले आहे : 'जुनी गिरणी. सकाळचा भोंगा. पुसू नये.' ती चालवायचे यंत्र आमच्याकडे राहिलेले नाही. सोलापुरात किंवा पुण्यात कोणाकडे चालू स्थितीतले असेल, तर कृपया इथेच कळवावे. कॅसेट घेऊन मी स्वतः येईन, ती कुरिअरने पाठवणार नाही.