पोलिश दिग्दर्शक किश्लोव्स्कीचा कॅमेरामन यात्सेक पेत्रित्स्की, सुरुवात कुठून करू?

रानवारा:
किश्लोव्स्कीचा 'कॅमेरा बफ' (१९७९) पाहिला, डोक्यातून जातच नाहीये. कॅमेरामन शोधला तर यात्सेक पेत्रित्स्की निघाला, त्याने डॉक्युमेंटरीपण भरपूर केल्यात. मग आधी त्या बघू की फीचर? जाणकारांनी सांगा ना.

फ्रेमवेडा:
आधी डॉक्युमेंटरी, बिनधास्त. 'हॉस्पिटल' (१९७६) लावा, वीसेक मिनिटांची आहे, हाडांचे डॉक्टर सलग ३२ तास ड्युटी करतायत आणि कॅमेरा त्यांच्या मागेमागे, निवेदन वगैरे काही नाही, आणि एका ऑपरेशनमध्ये ठोकता ठोकता चक्क हातोडा मोडतो! तिथे रिटेक कुठला मिळणार, त्या क्षणी तुम्ही बरोब्बर जागेवर हवेत. पेत्रित्स्कीची ही सवय मला 'कॅमेरा बफ'मध्येही दिसते. त्यातला हिरो येझी श्टूर पोरीसाठी ८ एमएमचा कॅमेरा घेतो, मग फॅक्टरीवर फिल्म काढायला लागतो आणि इकडे घर मोडत जातं, पण लायटिंग कुठे मिरवत नाही की फ्रेम 'बघा मला' म्हणत नाही.

केतकी_पुणे:
+१, पण 'इंटरॉगेशन' कसा विसरलात? पेत्रित्स्कीनेच शूट केलेला, दिग्दर्शक बुगायस्की, १९८२ला तयार झाला आणि पोलंडच्या सरकारने दाबून ठेवला, लोक चोरून व्हिडिओ कॅसेटवर बघायचे, थेटरात यायला १९८९ उजाडलं. स्टालिनच्या काळातला तुरुंग, क्रिस्टिना यांदाला १९९०मध्ये कान फिल्म फेस्टिव्हलला बेस्ट ॲक्ट्रेस मिळालं ते यासाठीच. कोठडीत पाणी भरत जातं तो सीन बघताना मला श्वास घेता येईना, आणि कॅमेरा तिला सोडून कुठे जातच नाही. दिग्दर्शिका ॲग्निएश्का हॉलंडचा 'युरोपा युरोपा'पण पेत्रित्स्कीनेच शूट केलाय बरं का.

जुनाप्रेक्षक:
आधी हे मग ते असं करूच नका, आलटून पालटून बघा. त्याचं काम दोन्हीकडे एकाच वेळी चाललेलं. 'कॅमेरा बफ'च्या पुढच्याच वर्षी 'टॉकिंग हेड्स' ही डॉक्युमेंटरी, लहान बाळापासून १०० वर्षांच्या आजीपर्यंत सगळ्यांना तेच प्रश्न: जन्म कधीचा, तू कोण, तुला काय हवंय. नुसते चेहरे, तरी नजर हटत नाही. आजी म्हणते अजून जगायचंय!

रानवारा:
भारीच! आणि 'नो एंड'?

फ्रेमवेडा:
तोही त्याचाच, १९८५चा. पोलंडमधल्या मार्शल लॉचे (लष्करी कायद्याचे) दिवस, सुरुवातीलाच मेलेला वकील थेट कॅमेऱ्यात बघून बोलायला लागतो. पण आज रात्री 'हॉस्पिटल'च लावा.