बार्शी लाईट मोडली ते बरं झालं का?

ढोकीकर:
कुर्डुवाडी-लातूर छोटी गाडी, म्हणजे आपली बार्शी लाईट, बंद होऊन पंधरा वर्षं उलटली. रूळ रुंद करायला माझी हरकत नव्हती, पण येडशीकडचा एखादा तुकडा तरी राखायला हवा होता. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंजिनिअरनं अडीच फुटी रुळांवर १८९७ मध्ये बार्शीपर्यंत गाडी आणली, १९११ मध्ये ती लातूरला पोचली. रूळ हलके, म्हणून एका आसावर, म्हणजे चाकांच्या एका जोडीवर, पाच टनांपेक्षा जास्त भार येणार नाही असे इंजिन-डबे बेतलेले. माथेरानची छोटी गाडी चालते, मग आपलीच भंगारात का?

धाराशिवकर:
राग मानू नका, पण तुमच्या गाडीनं धाराशिवला कधी तोंड दाखवलं नाही. जिल्ह्याचं गाव आमचं, अन् गाडी धरायला येडशी गाठायची! माझ्या आजोबांनी उभ्या जन्मात गावात इंजिन पाहिलं नाही. रुंदीकरणात मार्ग आमच्याकडं वळवला, तेव्हा कुठं स्टेशन मिळालं. तो तुकडा राखायचा खर्च कुणी करायचा?

मुरूडकर:
शिवाय २०१६चा दुष्काळ आठवा. एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची गाडी लातूरला आली, पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. आमच्या घरी तेव्हा भांडी राखेनं घासत होतो. पाच टनी आसाच्या डब्यांतून एवढं पाणी एका खेपेत आलं असतं?

लातूरची लेक:
पाण्याचं खरंय. पण जुनं स्टेशन गावात होतं हे कुणी बोलत नाही. आई डोक्यावर गाठोडं घेऊन चालत घरी यायची. आता नव्या स्टेशनावरून रिक्षाला पैसे मोजा. आषाढीला पंढरपूरपर्यंत सगळे रूळ एकाच मापाचे, म्हाताऱ्या माणसांचा केवढा आधार होता तो! गावातली ती जागा आता नुसती ‘जुनी रेल्वे लाईन’ म्हणून ओळखतात.

ढोकीकर:
ताई, माझं दुखणं तेच. मुरूडकर, पाण्यापुढं माझं काही म्हणणं नाही, तिथं मी हरलो. पण मोठी गाडी हवी म्हणून छोटीची एकही खूण ठेवायची नाही, हे मला पटत नाही. बार्शी ते येडशी वर्षातून चार दिवस जरी धावली असती, तरी लेकरांना दाखवता आली असती.

धाराशिवकर:
दादा, दाखवायच्या गाडीआधी बसायची गाडी. सोलापूर-तुळजापूर-धाराशिव मार्ग आधी पुरा होऊ द्या. भवानीच्या दर्शनाला येणारी माणसं अजून एस्टीत उभ्यानं येतात.