पहिलं ॲनिमे म्हणून 'वन पीस' किंवा 'नारुतो' सुचवू नका

कोरी_पाटी:
ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन मालिका, बघायला सुरुवात कुठून करू, असं कुणी विचारलं की हमखास 'वन पीस' नाहीतर 'नारुतो' पुढे केलं जातं. मला हे साफ चुकीचं वाटतं. 'वन पीस' १९९९पासून चालू आहे, हजारावर भाग झाले. 'नारुतो'च्या पहिल्या मालिकेचे २२० भाग, पुढे 'शिप्पूडेन'चे ५००. त्या २२०पैकी १३५नंतरचे जवळजवळ सगळे फिलर, म्हणजे मूळ मांगात (जपानी चित्रकथेत) नसलेले. भाग दर आठवड्याला द्यायचा आणि मांगा तेवढा पुढे गेलेला नाही, म्हणून मध्ये भर घातली. नवखा नेमका तिथे कंटाळून सोडून देतो.

पहिली मालिका संपलेली हवी, शक्यतो २६ भागांच्या आत. विज्ञानकथा आवडत असेल तर 'प्लॅनेटीस': २६ भाग, काळ २०७५चा, अंतराळातला कचरा उचलणाऱ्यांची नोकरी. गूढ हवं तर 'मुशिशी', तेही २६; प्रत्येक गोष्ट स्वतंत्र, कुठूनही उचला. डोकेबाज पाठलाग हवा तर 'डेथ नोट'. ३७ भाग आहेत, पण वेग असा की चालून जातं.

उलटं_पान:
फिलरबद्दल सहमत, पण त्यासाठी गोष्टच का टाळायची? 'वन पीस'चा मांगा द्या की हातात! ईस्ट ब्लूचा, म्हणजे सुरुवातीचा, टप्पा १०० प्रकरणांचा, म्हणजे १२ खंड. तेवढ्यासाठी ॲनिमेचे ६१ भाग लागतात, आणि पुढे तर एका भागात जेमतेम एक प्रकरण सरकतं. १२ खंडांत रुची लागली नाही तर खुशाल सोडा.

फक्त पान कसं वाचायचं ते आधी दाखवा. चौकटी उजवीकडून घ्यायच्या हे सगळ्यांना माहीत असतं, पण चौकटीतले संवादांचे फुगे सवयीने डावीकडून वाचले जातात. मग उत्तर आधी येतं आणि प्रश्न नंतर. दुसरी अडचण उभ्या चौकटीची. उजवीकडे दोन लहान चौकटी एकाखाली एक आणि डावीकडे एकच लांब असेल, तर आधी उजवीकडच्या दोन्ही संपवायच्या.

रात्रपाळी:
दोघंही भाग आणि खंड मोजत बसलात. आधी माणसाची आवड विचारा. रहस्यकथा वाचणाऱ्याला 'मुशिशी' दिलंत तर तो दुसऱ्या भागात उठेल. त्याला 'मॉन्स्टर' द्या: ड्युसेलडॉर्फमधला जपानी सर्जन, त्याने वाचवलेला मुलगा आणि पुढची खुनांची मालिका. ७४ भाग, पण भरताड नाही.

आणि 'तीन भाग बघून ठरव' हा सल्लाही आंधळेपणाने देऊ नका. 'श्टाइन्स गेट' २४ भागांचं, पण खरी पकड मध्यावर घेतं. 'मादोका माजिका' मात्र तिसऱ्याच भागात असं वळतं की गोड चित्रं बघून ते लहान मुलांना लावून देणं चूकच ठरेल.

कोरी_पाटी:
७४ भाग म्हणजे सत्तावीस-अठ्ठावीस तास. ज्याला सबटायटल वाचत चित्र बघायची सवय नाही, त्याच्याकडून पहिल्याच खेपेला एवढं मागू नये. 'मॉन्स्टर' उत्तमच, पण दुसऱ्या क्रमांकावर.

पोलादी_हात:
'फुलमेटल अल्केमिस्ट' सुचवताना कुठलं ते स्पष्ट लिहा. २००३चं ५१ भागांचं. मांगा संपला नव्हता, म्हणून शेवट वेगळा केला. २००९चं 'ब्रदरहुड' ६४ भागांचं, मांगाला धरून, पण सुरुवात घाईची. शौ टकर या किमयागाराचं प्रकरण तिथे चौथ्याच भागात उरकतं. २००३मध्ये सातव्यापर्यंत जातं, म्हणून मनाला जास्त लागतं. यूसवेल या खाणगावाची गोष्ट तर 'ब्रदरहुड'ने गाळलीच. माझं मत: 'ब्रदरहुड'च बघा, आणि त्याआधी मांगाचा पहिला खंड वाचा, ती गोष्ट त्यात आहे.

उलटं_पान:
पटलं. पण इतक्या चर्चेत शोजो (मुलींसाठीच्या मांगाचा प्रकार) एकही नाही, हे खटकतं. घर, नाती, जुन्या जखमा यांत रस असेल तर 'फ्रूट्स बास्केट'. मांगा २३ खंडांचा. ॲनिमे २०१९चंच घ्या, ६३ भागांत पूर्ण होतं. २००१चं २६ भागांवर अर्धवट थांबलंय. कोरी_पाटी, तुमच्या नियमाने हे २००१चंच आधी हातात पडेल!