रॉकेलाने देवमासे वाचले?

वर एकांनी लिहिलंय की १८५९मध्ये पेनसिल्व्हेनियात खनिज तेल लागलं, देवमाशाच्या तेलाऐवजी घरोघरी रॉकेलाचे दिवे आले आणि देवमासे वाचले. मला हे अर्धंच खरं वाटतं. अमेरिकेतला शिडाच्या जहाजांनी देवमासे मारण्याचा धंदा बसला, पण खरी कत्तल त्यानंतरची आहे.

निळा देवमासा वल्ह्यांच्या होडीला गाठता येत नसे, आणि मेला की बुडायचा. नॉर्वेच्या स्वेन फॉयनने १८७०च्या सुमारास वाफेच्या बोटीवर तोफ बसवली, तिच्या भाल्याच्या टोकाला स्फोटक लावलं. मेलेल्या माशात हवा भरून त्याला तरंगत ठेवू लागले. १९०४मध्ये अंटार्क्टिकाच्या वाटेवरच्या दक्षिण जॉर्जिया बेटावर ग्रिटव्हिकेनचं देवमाशांच्या शिकारीचं ठाणं उभं राहिलं. तिथे हॉकी स्टिकसारख्या लांब दांड्याच्या सुऱ्यांनी चरबीला चिरा पाडत आणि केळं सोलावं तशी ती विंचने, म्हणजे दोर गुंडाळणाऱ्या यंत्राने, ओढून काढत. दिव्यांची गरज संपली होती, पण तेल घट्ट करण्याची रासायनिक युक्ती सापडल्यामुळे साबण आणि मार्गारीनला (लोण्याऐवजी वापरायचा पदार्थ) ते हवंच होतं. १९३०-३१च्या एका हंगामात सुमारे २९,००० निळे देवमासे मारले गेले. एका हंगामात! हा आकडा वाचून मी बराच वेळ सुन्न होतो.

पुढे देवमाशांच्या शिकारीवरच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने कोटा ठरवला तोही 'निळ्या देवमाशाच्या एककात': एक निळा म्हणजे दोन फिन किंवा सहा सेई (या देवमाशांच्या दुसऱ्या जाती). हिशोब तेलाचा, प्रजातीचा नाही. व्यापारी शिकारीवरची स्थगिती लागू व्हायला १९८६ उजाडावं लागलं.